लीना, गुरसरायचं भांडण

लीना,

तू गेल्याचं मला मुक्ताकडून कळलं. म्हणजे याही वेळी मी दुसऱ्या नंबरावरच राहिलो. सकाळी मानिक चौकातल्या स्टुडिओचं शटर वर करत होतो. खालच्या भांड्यांच्या दुकानात हातगाडीवरून पराती उतरवत होते, त्या खणखणाटात पुण्याहून मुलीचा फोन आला. आधी नुसतं रडणं ऐकू आलं. मग ती म्हणाली, "बाबा, लीना नहीं रहीं." मी तिथेच जिन्याच्या पायरीवर बसलो. आणि पहिल्यांदा मनात काय आलं ते सांगतो, तुझ्याशी खोटं बोलून आता काही मिळायचं नाही. मनात आलं, मी मेल्यावर ही पोरगी एवढी रडेल का?

थंडीपासून तू आजारी होतीस, हे तिला ठाऊक होतं. तूच तिला सांगितलं होतंस आणि भैयाजींच्या कानावर घालू नको म्हणून बजावलंही होतंस. बाजार मला भैयाजी म्हणतो म्हणून तूही म्हणायचीस. माझ्या मुलीने माझ्यापासून एक गोष्ट लपवली, ती तुझ्या सांगण्यावरून. तुझी काळजी घ्यायची सोडून मी महिनोन्‌महिने तुझ्यावर रुसून होतो, आणि तुम्हा दोघींना ते बघून हसू येत असणार. येवो. तुम्हा दोघींचं माझ्यावाचून काही अडत नव्हतंच कधी.

तू फिनलंडहून पहिल्यांदा झाशीत आलीस तो दिवस आठवतो. पाठीवर तुझ्याएवढीच बॅग, हातात तो केसाळ माईक. मुक्ता तेव्हा बी. कॉम.ला होती आणि दुपारची स्टुडिओत येऊन बसायची. ती माईकला बघून म्हणाली, "बाबा, बिल्ली लाई हैं." तुला मराठी लग्न शूट करायचं होतं, महाराष्ट्रातलं नाही, इथलं. पिढ्यान्‌पिढ्या बुंदेलखंडात राहून घरात मराठी आणि दारात हिंदी बोलणाऱ्या लोकांचं. कोणीतरी सांगितलं होतं की झाशीत मराठी लग्नांचा व्हिडिओवाला एकच आहे. तुझी टीम कुठे उतरली आहे असं मी विचारलं. तू स्वतःच्या छातीवर बोट ठेवलंस. मग माझ्या टीमबद्दल विचारलंस. मी भिंतीवरच्या पाटीकडे बोट दाखवलं: शूटिंग, एडिटिंग, मिक्सिंग, अल्बम. ते सगळे मीच. तू इतकी हसलीस की खालून भांडेवाल्याने वर बघितलं.

नाव लीना, हे तर आमच्याकडचंच नाव. सौ. म्हणाली, "बघा, आपलीच निघाली." तुमच्या फिनलंडमध्येही घरोघरी लीना असतात हे तिला तू नंतर सांगितलंस, पण तिने काही ते मनावर घेतलं नाही.

पुढे मुक्ता इंटरनेटवरून तुझी माहिती काढून मला वाचून दाखवायची, आणि प्रत्येक ओळीला माझा चहा थोडा कडू व्हायचा. तू आधी बाहुल्यांच्या नाटकात बाहुल्या नाचवल्यास. मग टीव्हीवरच्या एका मालिकेत पोस्टमनचं, म्हणजे पोस्टमन बाईचं, काम केलंस आणि वर्षानुवर्षं लोक तुला रस्त्यात थांबवून आमचं पत्र आलं का विचारायचे. ते सोडून दुसऱ्यांच्या फिल्म कापायला-जोडायला बसलीस. मग लिहायला लागलीस. मग दिग्दर्शन, मग कॅमेरा स्वतःच धरलास. पोस्टर स्वतः रंगवलंस, अकॉर्डियन स्वतः वाजवलंस. याला तुमच्याकडे काय म्हणतात, तेही मुक्ताने भाषांतर करून सांगितलं. बहुआयामी कलावंत. मी सगळं एकट्याने करतो तर मला चौकातला पानवाला म्हणतो, "भैयाजी, कोई लड़का रख लो, अकेले कब तक खटोगे?"

तुला हे मी तोंडावर म्हणालो होतो. तू खांदे उडवून म्हणालीस, आमच्याकडे माणसंच कमी, एकाला चार कामं करावी लागतात, त्यात मोठेपणा कसला. हेच तर मला लागलं. झाशीत मराठी घरं तरी कुठे ढिगाने आहेत? मीही माणसं कमी म्हणूनच चार कामं करतो. तुझ्या कमतरतेची कला झाली आणि माझ्या कमतरतेची कीव.

पण एक गोष्ट माझी होती, लीना. एकच. ती कोणी दिलेली नव्हती, मी कमावलेली होती.

झाशीतले बाकीचे व्हिडिओवाले वरमाला उत्तम घेतात. मराठी लग्नात मात्र फसतात. अंतरपाट दूर व्हायचा तो एक क्षण, नवरा-नवरी एकमेकांना बघतात तो, त्यांच्या हातून हमखास निसटतो. डोळा कॅमेऱ्याला लावून ताटकळतात, मंगलाष्टकं संपता संपत नाहीत, हात अवघडतो, कोणाची तरी मावशी मध्ये येते, आणि तेवढ्यात पाट गेला, अक्षतांचा मारा झाला, बँड सुरू झाला. माझे वडील ऑफिसात कारकून आणि सुट्टीच्या दिवशी भटजी. लहानपणापासून त्यांच्या मागे उभा राहून मी एक शिकलो. शेवटच्या 'सावधान'च्या आधी भटजी एक लांब श्वास घेतात. तो ऐकू आला की पाट जाणार. म्हणून शेवटच्या मंगलाष्टकाला मी डोळा कॅमेऱ्यावरून काढतो आणि नुसता ऐकतो. कान आधी, डोळा मागून. तीस वर्षांत माझा एकही अंतरपाट चुकलेला नाही.

हे मी तुला गुरसरायला सांगितलं. गुरसरायचं ते लग्न, मराठ्यांच्या जहागिरीच्या काळापासून तिथे राहिलेल्या एका कुटुंबाचं, देवळाच्या अंगणात. मुक्ता आपल्या दोघांमध्ये दुभाषी. माझं मराठी-हिंदी तुला इंग्रजीत, तुझं इंग्रजी मला हिंदीत. मी नेहमीप्रमाणे अंतरपाटाच्या टोकाशी जागा धरली, तिथून दोघंही दिसतात. तू नवरीच्या मागे जाऊन उभी राहिलीस. तिथून काय दिसतं? तिचं डोकं आणि कापड. मी म्हटलं, ही चुकीची जागा आहे. तू म्हणालीस, तिला जेवढं दिसतं तेवढंच मला हवंय. अगं, पण पाच मिनिटं नुसतं कापड कोण बघेल, असं मी विचारलं. आचाऱ्याकडची एक बाई पाण्याचा हंडा घेऊन चालली होती, तिलाही राहवेना. "काए भैया, जे मेम का खेंच रईं? परदा?" सगळे हसले. तूही हसलीस, पण जागा सोडली नाहीस.

तुझी फिल्म तयार झाल्यावर तू लिंक पाठवलीस. प्रेम नगरच्या घरी आम्ही तिघांनी टीव्हीला जोडून बघितली. ते कापड आलं. कुंकवाचं स्वस्तिक, कापडाची विरलेली कड, वाऱ्याने जरासं हलणं, मागे मंगलाष्टकं. मी घड्याळाकडे बघत होतो. पाट गेला, मुलाचा चेहरा दिसला, आणि शेजारी सौ. पदराने डोळे पुसत होती. मी तीस वर्षं लग्नं शूट करतोय, लीना. ती माझी एकही सीडी पाहून रडलेली नाही. मी विचारलं, काय झालं एवढं? ती म्हणाली, "माझ्या लग्नात मीसुद्धा तेवढंच बघितलं होतं. कापड." आणि वर म्हणाली, "तुम्ही पलीकडे होतात. तुम्हाला काय माहीत?"

मग नावं आली. पटकथा, तू. दिग्दर्शन, तू. छायाचित्रण, संकलन, संगीत, तू, तू, तू. माझ्या कॅमेऱ्याचेही दोन-चार तुकडे तू घेतले होतेस, म्हणून मी चष्मा लावून सरसावून बसलो. छायाचित्रणात मी नव्हतो. मी होतो ध्वनीमध्ये. तुझ्या नावाखाली माझं नाव. आयुष्यभर कॅमेरा धरला आणि तू मला माईकवाल्यांत बसवलंस. मुक्ता टाळ्या वाजवत होती. मी उठून पंख्याचा स्पीड कमी केला आणि झोपायला गेलो.

त्यानंतर मुक्ता तुझ्याकडे शिकायला आली, सहा महिने. जाताना भित्री होती, परत आली ती वेगळीच. कॉलेजात असताना मी तिला किती वेळा म्हटलं असेल, बस माझ्याजवळ, ऐकायला शीक, पुढचं आपोआप येतं. तेव्हा तिला ते लग्नाच्या धंद्यातलं काहीतरी वाटायचं. आणि तुझ्याकडून आली ती पहिल्याच दिवशी माझ्याच ताटात जेवत मला सांगते, "बाबा, पहले सुनो, फिर देखो. लीना ने सिखाया है." माझा घास घशात अडकला. सौ.ने पाणी दिलं. मी म्हटलं, हे मी सांगत आलोय तुला. ती म्हणाली, "आप तो शादी का बताते थे."

आता ती पुण्याच्या स्टुडिओत ध्वनीचं काम करते, चांगलं करते, लोक तिचं नाव घेतात. तिला विचारलं तर ती सांगते, गुरू लीना. मला आनंद आहे. आणि मी जळतो. दोन्ही एकाच वेळी होतं, ते कसं होतं ते मला समजावता येणार नाही. मुलीच्या हातात जे आलंय ते माझ्याकडून आलं की तुझ्याकडून, एवढंच मला जाणून घ्यायचं होतं. दुसरं काही मी तिला द्यायला जमवलेलं नाही.

मग तुझं ते भाषण पाहिलं, मोठ्या सभागृहातलं. तू म्हणालीस, मी कानाने शूट करते. लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्या दिवशी मी मुक्ताला न सांगता तुला व्हिडिओ कॉल लावला, माझ्या मोडक्या इंग्रजीत. हे माझं आहे, मी म्हटलं. गुरसरायला मी दिलं तुला. तू शांतपणे म्हणालीस, नाही, हे माझ्या वडिलांचं आहे. ते गोठलेल्या तळ्यावर मासे धरायला जायचे. बर्फावर पाऊल टाकण्याआधी गुडघे टेकून कान लावायचे. बर्फ बोलतो, पातळ कुठे आहे ते सांगतो. डोळ्याला सगळा सारखाच दिसतो. मी म्हटलं, मग हे तेव्हा का नाही बोललीस? म्हणालीस, बोलले होते. मी म्हटलं, नाही. तू म्हटलंस, हो. असं आपण दोघं, साठीला आलेली माणसं, पोरांसारखं नाही-हो करत राहिलो. शेवटी तू म्हणालीस, तुझ्याकडे टेप असेलच. पुढच्या थंडीत येते, बरोबर बसून बघू.

टेप माझ्याकडे होती. बाकीची लग्नं गिऱ्हाईक घेऊन गेलं की मी पुसून टाकतो, मराठी लग्नं पुसत नाही. पण मी ती लावली नाही. एकट्याने बघून काय करायचं होतं? जिंकायचं होतं ते तुझ्यासमोर. आणि थंडीत तू आली नाहीस. मला वाटलं, हरायला घाबरलीस.

परवा मुक्ता दोन दिवसांची रजा काढून आली. नाक-डोळे सुजलेले. आईच्या हातचं जेवली नाही धड, दुपारी माझ्यामागे स्टुडिओत आली आणि म्हणाली, "बाबा, गुरसराय वाला फुटेज है ना? उनकी आवाज़ होगी उसमें." मी लावलं. मला वाटलं, चला, पुरावा तिच्यासमोर येऊ दे, आपल्याला बोलायची गरज नाही. हे माझ्या मनात होतं, तुझं सुतक धरून बसलेल्या मुलीसमोर. असा मी आहे.

तुला माहीत आहे, जागा जाऊ नये म्हणून विधी सुरू व्हायच्या कितीतरी आधी मी कॅमेरा चालू करून ठेवतो. म्हणून सगळं त्यात आहे. खुर्च्या ओढल्याचे आवाज, सनईवाल्याचं सूर जुळवणं, आणि मी. "मुक्ता, तिला सांग, डोळा लावून बसू नको. शेवटच्या मंगलाष्टकाला डोळा काढ, कान दे. कान आधी, डोळा मागून." मी मुक्ताकडे बघितलं. ती पडद्याकडे बघत होती. तिचाच आवाज आला, कोवळा, अडखळत इंग्रजीत सांगणारा. म्हणजे तुला हे सांगितलं ते माझ्या मुलीच्या तोंडून. मी खुर्चीत ताठ बसलो. जिंकलो होतो.

मग तुझं हसणं ऐकू आलं. तू भरभर बरंच काही बोललीस. आणि मुक्ता, तेव्हाची मुक्ता, सांगते आहे, "बाबा, ये कह रही हैं इनके पापा भी यही कहते थे. झील पे बर्फ़ जमती है ना, पैर रखने से पहले कान लगाके सुनते थे."

आणि माझा आवाज, "हो, हो. तिला सांग जरा डावीकडे सरक. सावली पडतेय पाटाच्या जागेवर."

मुक्ता हसायला लागली. रडता रडता हसायला लागली आणि तिला थांबता येईना. "बताया था बाबा, मैंने ही बताया था आपको." कान आधी म्हणणारा माणूस मी, आणि माझ्यापासून हातभर अंतरावर, माझ्याच मुलीच्या आवाजात सांगितलेलं मी ऐकलं नव्हतं. मला तुझी सावली दिसत होती.

तेव्हा घे, लीना, हे भांडण तू जिंकलीस. अर्धं. तुझ्या वडिलांचं तुझ्याकडे होतं, माझ्या वडिलांचं माझ्याकडे, हे मान्य. त्या नावांच्या यादीतही, सगळी कामं तुझ्या एकटीची होती, आणि एकाच कामात, ऐकण्याच्या, तू माझ्यासाठी जागा केली होतीस. ते मला पंख्याचा स्पीड कमी करताना सुचलं नाही. आता सुचतंय. तरी माझं नाव तुझ्या खाली होतं, ते मी विसरणार नाही.

वाईट याचं वाटतं की तू एवढी घाई केलीस. थंडीत येणार होतीस. इथे त्याच खुर्चीत बसून, सौ.ने दिलेल्या चिवड्यातले दाणे वेचून खात हे बघितलं असतंस आणि मला चिडवलं असतंस. मी चिडलो असतो. मग तुझ्या वडिलांबद्दल विचारलं असतं. त्यांचं नाव काय, त्या तळ्याला काय म्हणतात, बर्फ पातळ असला की नेमका कसा आवाज येतो, काही मला माहीत नाही. या शहरात मी आता कोणावर जळू? जळायलाही बरोबरीचं माणूस लागतं, आणि चौकात तसं कोणी नाही. बाकीच्या व्हिडिओवाल्यांचे अंतरपाट अजून चुकतात.

मुक्ता एरवी माझ्याशी हिंदीतच बोलते, मराठी तिला कळतं पण तोंडात येत नाही. परवा डोळे पुसून ती म्हणाली, "बाबा, परत लावा ना." मी मागे नेऊन परत लावलं. माझं सांगणं, तिचं अडखळणं, तुझं हसणं. संपल्यावर ती पुन्हा म्हणाली, परत. खालचं भांड्यांचं दुकान बंद व्हायची वेळ झाली तरी मी लावतच होतो आणि ती डोळे मिटून ऐकत होती. कोणाच्या आवाजासाठी, तुझ्या की माझ्या, ते मी विचारलं नाही. तू असतीस तर विचारलं असतंस.